धुक्यातल्या किनाऱ्यावरचा नादकारू: त्याच्यावरून लोक भांडतील असं आयुष्य कसं उभं करू?

खाडीकाठी (देवगड)

नमस्कार मंडळी, एक मोठी गोष्ट लिहायला घेतलीय आणि मधोमध अडकलोय म्हणून इथे विचारतोय. जग पूर्ण काल्पनिक आहे पण डोळ्यासमोर आपलाच किनारा आहे, खाड्या, सडे, काळा कातळ, सुरूचं बन, सगळं तसंच, फरक एवढाच की तिथे वर्षातले बहुतेक महिने दाट धुकं. दिवा लावून उपयोग नाही त्यामुळे दीपगृह कोणी बांधलेलंच नाही. प्रत्येक खाडीच्या तोंडावर एक हाकारी बसतो, मान पिढीजात त्या घराचा, कोणाचा शंख, कोणाची घंटा, कोणाचा ढोल, आणि प्रत्येक खाडीचा आवाज वेगळा. तांडेल तो ओळखून होडी आत घेतो. आवाज चुकला की होडी खडकावर.

यातल्या एका हाकाऱ्याचा मुलगा हा माझा नायक, गाव त्याला नादकारू म्हणतं. बाप म्हातारा होतो, दम पुरत नाही, एका रात्री शंख अर्धवट राहतो आणि होडी जाते. पोरगा मग भाता, पितळी कर्णा आणि लाखेचा थर दिलेला लाकडी रूळ असं काय काय जोडून यंत्र बनवतो, बापाचा शंख त्या लाखेत उतरतो आणि भाता मारला की तसाच पुन्हा वाजतो. होड्या वाचतात, लोक त्याला खांद्यावर घेतात. मग बाकीच्या खाड्या यंत्र मागायला लागतात आणि हाकाऱ्यांची घरं उघडी पडतात. पुढे पलीकडचा एक किल्लेदार यंत्र विकत घेतो आणि आमच्याच खाडीचा शंख भलत्या टोकावर वाजवून आमची गलबतं फोडतो.

इथे मी अडकलो. आधी नादकारूला भोळा, फसवला गेलेला असा केला तर वाचणारे म्हणाले हा देवमाणूस कंटाळवाणा आहे, मग लोभी केला तर सरळ खलनायक झाला, दोन्हीकडून शाळेतला विज्ञान शाप की वरदान हा निबंधच होतोय. मला असा माणूस पाहिजे की तो गेल्यावर शंभर वर्षांनी सुद्धा त्या किनाऱ्यावर दोन घरांत त्याच्यावरून वाद व्हावा आणि दोन्ही घरांचं म्हणणं खरं असावं. खऱ्या जगात आवाजाच्या मागे लागलेल्या माणसांची आयुष्यं कोणाला माहीत असतील तर सांगा, आणि धुक्यात आवाजाने असं फसवता येईल का तेही सांगा.

लोलक (रत्नागिरी)

फसवता येईल का याचं आधी सांगतो कारण त्यावर तुमची सगळी गोष्ट उभी आहे.

धुकं आवाज अडवत नाही. इंग्लंडात जॉन टिंडल नावाच्या शास्त्रज्ञाने १८७३ पासून साउथ फोरलंडच्या कड्यावरून भोंगे, शिट्ट्या, तोफा वाजवून घेतल्या आणि स्वतः बोटीने समुद्रात लांब जाऊन त्या ऐकल्या, हे काम दीपगृहं सांभाळणाऱ्या ट्रिनिटी हाउससाठी होतं. लोकांचा समज होता की धुक्यात आवाज दबतो. निघालं भलतंच, काही लख्ख उन्हाच्या दिवशी भोंगा जवळून ऐकू येईना आणि दाट धुक्यात तोच कितीतरी लांब पोचला. सगळा खेळ हवेच्या थंड-गरम थरांचा आणि वाऱ्याचा. वाऱ्यासोबत जाणारा आवाज खाली पाण्याकडे वाकतो, वाऱ्याविरुद्ध जाणारा वर वाकतो आणि ऐकणाऱ्याच्या डोक्यावरून निघून जातो. आपल्याकडे रात्री जमीन थंड झाली की पहाटेपर्यंत मतलई वारा जमिनीवरून दर्याकडे वाहतो, त्यात पाण्यालगतची हवा गार असेल तर किनाऱ्यावरचा शंख फार दूर ऐकू येईल. दुपारी वारा दर्यावरून आत येतो तेव्हा तोच शंख बाहेरच्या होडीला नीट ऐकू येणार नाही. म्हणजे तुमचा किल्लेदार शहाणा असेल तर पहाटच निवडेल.

पण तांडेल काही खुळा नसतो हो. हवेत आवाज सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो. अलास्काच्या बाजूला अरुंद समुद्रवाटांमधून आगबोटी नेणारे कप्तान धुक्यात शिट्टी मारायचे आणि कड्यावरून प्रतिध्वनी यायला किती सेकंद लागतात ते मोजायचे, सहा सेकंद लागले तर कडा एक किलोमीटरवर. तुमच्या जगात होडीवरून हाक गेली की हाकारी तिला उत्तर देत असणार ना? मग उत्तराला लागलेल्या वेळातून तांडेलाला अंतर कळतं आणि पलीकडे जागा माणूस बसलाय हेही कळतं. यंत्र उत्तर देत नाही, ते आपल्या वेळेला वाजत राहतं. यंत्र आल्यावर एका पिढीत तांडेलांची हाक घालून विचारायची सवयच जाते आणि म्हणून पुढे खोटा शंख चालून जातो. माझ्या मते वाद इथे सुरू होतो, किल्लेदार फार नंतर येतो. नादकारूने एकाही माणसाचं वाईट चिंतलं नाही तरी ही सवय त्याच्याच यंत्राने मोडली, आणि त्याच यंत्राने शेकडो होड्या घरी आणल्या हेही तितकंच खरं.

तारायंत्र (दाभोळ)

खरी आयुष्यं विचारलीत म्हणून, लेव तेर्मेन वाचाच, ज्याला जग लिऑन थेरेमिन म्हणून ओळखतं. जन्म १८९६, रशिया. याने असं वाद्य काढलं की त्याला हातच लावायचा नाही, दोन अँटेना असतात, एकीजवळ हात नेला की स्वर चढतो-उतरतो, दुसरीजवळ नेला की आवाज कमी-जास्त होतो. १९२२ मध्ये लेनिनला वाजवून दाखवलं. मग अमेरिकेत गेला, १९२८ मध्ये पेटंट, मोठमोठ्या हॉलमध्ये कार्यक्रम, श्रीमंतांच्यात ऊठबस, आणि त्याच काळात मायदेशासाठी हेरगिरीही चालू. १९३८ मध्ये परत गेला तर अटक झाली, आधी कोलिमाची सक्तमजुरीची छावणी आणि नंतर कैद्यांकडून संशोधन करून घेणारी प्रयोगशाळा.

आता तुमच्या कामाचा भाग. १९४५ मध्ये सोव्हिएत मुलांनी मॉस्कोतल्या अमेरिकन राजदूताला लाकडात कोरलेली अमेरिकेची राजमुद्रा भेट दिली, ती त्याच्या घरात भिंतीवर लावली गेली. आत तेर्मेनचं यंत्र. बॅटरी नाही, वायर नाही, धातूची एक छोटी डबी, तिला पातळ पडदा आणि एक अँटेना. बाहेरून रेडिओलहरी सोडल्या की खोलीतल्या बोलण्याने पडदा थरथरायचा आणि परत जाणाऱ्या लहरीत ते बोलणं उमटायचं. लहरी बंद केल्या की ती डबी मुकी, त्यामुळे तपासणीत सापडेचना. १९५२ पर्यंत ते तिथेच होतं. आणि १९४७ मध्ये याच माणसाला, ज्याला सरकारने कैदेत टाकलं होतं, स्टालिन पुरस्कार मिळाला.

तुम्हाला प्रश्न पडेल की आपल्या यंत्राचं काय होणार ते त्याला माहीत होतं का. तेर्मेनला सगळं माहीत होतं. तरी त्याला खलनायक म्हणायला माझी जीभ रेटत नाही, कारण नाही म्हणण्याची किंमत त्याने कोलिमात बघितली होती. आणि त्याला बिचारा म्हणायलाही मन घेत नाही कारण अमेरिकेतली हेरगिरी त्याच्या आधीची, तेव्हा तर तो मोकळा होता. तुमच्या नादकारूचंही असंच करा, किल्लेदाराचा माणूस येऊन नेमका याच खाडीचा शंख मागतो तेव्हा नादकारूला कळलं पाहिजे. कळूनही तो रूळ देतो. का देतो ते तुम्ही शोधा, पण न कळण्याची पळवाट त्याला ठेवू नका.

दुसरा माणूस एदुआर-लिऑन स्कॉट द मार्तिनव्हिल, पॅरिसचा, छापखान्यातला. १८५७ मध्ये त्याने काजळी धरलेल्या कागदावर आवाजाची रेघ उमटवणाऱ्या यंत्राचं पेटंट घेतलं. एडिसनच्या वीस वर्षं आधी! पण त्याला आवाज परत वाजवायचाच नव्हता, लोकांनी ती रेघ वाचावी असं त्याचं स्वप्न. पुढे जग एडिसनचं नाव घ्यायला लागलं तेव्हा त्याने चिडून लिहिलं, भांडला, आणि १८७९ मध्ये वारला. त्याने १८६० मध्ये काजळीवर उतरवलेला गाण्याचा तुकडा २००८ मध्ये संशोधकांनी कॉम्प्युटरवर वाचून ऐकवला. मला याच्यात फार दुःख दिसतं, ज्याला वाचायचं होतं त्याचं काम शेवटी ऐकण्यासाठीच मोठं ठरलं. नादकारूलाही स्वतःला वेगळंच काही हवं असू दे, लोकांनी जे घेतलं ते नव्हेच.

रापणीचो दोर (मालवण)

गोष्ट आवाडली रे. पण तुझो नादकारू माका किनाऱ्यावरचो वाटणा नाय, कारण तेच्या यंत्रान कोणाच्या ताटातला गेला ता तू लिवलंसच नाय. सगळ्यांका कळूचा म्हणान पुढचा साध्या मराठीत लिवतंय.

किल्लेदार, गलबतं, फितुरी हे लांबून बघणाऱ्याला छान वाटतं. किनाऱ्यावर खरं भांडण माशावरून होतं. रापण बघितली असशीलच, होडीतून जाळं अर्धगोलात सोडायचं आणि दोन्ही टोकं किनाऱ्यावरून माणसांनी ओढायची, म्हातारे, बायका, शाळकरी पोरं, जो दोराला हात लावील त्याला वाटा. म्हणजे ज्याच्याकडे होडी नाही, जाळं नाही, त्याच्याही घरात त्या दिवशी कालवण होतं. आता समुद्रात उजेड पाडून मासा गोळा करणारे आले. एलईडीच्या मासेमारीवर केंद्राने २०१७ मध्ये बंदी घातली, त्याच्या आधी २०१६ मध्ये राज्याने पर्ससीनवर, म्हणजे माशांच्या थव्याला घेरणाऱ्या मोठ्या जाळ्यांवर, निर्बंध आणले, तरी त्यावरून वाद पेटतच असतात, समुद्रात बोटी अडवण्यापर्यंत जातात. आणि दुसऱ्या बाजूचा माणूसही आपलाच, बोटीवर कर्ज, खलाशांचे पगार, डिझेल. तो काय राक्षस नाही.

म्हणून सांगतो, तुझ्या नादकारूला माशांचा आवाज सापडू दे. हे हवेतलं नाही हां. घोळ, ढोमा या जातीचे मासे पोटातली हवेची पिशवी स्नायूंनी थरथरवून खरोखर आवाज काढतात. मलेशियातले जाणते मच्छीमार पाण्यात डोकं बुडवून मासा कुठला, किती, कुठे ते ऐकून सांगत. ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरियर रीफवर शास्त्रज्ञांनी मेलेल्या प्रवाळापाशी पाण्यात स्पीकर लावून जिवंत प्रवाळाचा आवाज वाजवला तर तिथे दुपटीने मासे आले, २०१९ मध्ये छापून आलंय. पाण्यात आवाज हवेच्या चौपटीहून जास्त वेगाने जातो, सेकंदाला दीड हजार मीटर.

आता बघ. पहिल्या वर्षी नादकारू पाण्यात कर्णा सोडतो आणि मासाच मासा, गाव त्याच्या पाया पडतं. आणखी काही वर्षांनी कर्णा ज्याच्या होडीवर त्याचाच मासा, आणि रापण ओढणारे चाळीस जण संध्याकाळी रिकाम्या जाळ्याकडे बघत उभे. त्यातल्याच एका घरात त्याचं नाव घ्यायचं नाही अशी शपथ, आणि बाजूच्या घरात त्याचा फोटो लावलेला (तुझ्या जगात फोटो नसतील तर जे असेल ते) कारण त्या वर्षीच्या माशावर त्यांच्या मुलीचं लग्न झालं. दोन्ही घरं खरी. तू मागितलंस तेच ना हे?

खाडीकाठी (देवगड)

रापणीचो दोर, हो, हेच. आमच्या घरी पण रापणीचा वाटा यायचा आणि मी लिहिताना किल्ल्यांकडेच बघत बसलो. लोलक यांचं उत्तर न देणारं यंत्र तर मी घेतलंच समजा. एक विचारतो, गावातल्या धार्मिक लोकांचा विरोध दाखवायचाय पण तो अडाणीपणाचा नको, त्यांच्याकडेही ठोस कारण हवं. काय असू शकेल?

पेटीमास्तर (वेंगुर्ला)

दशावतारात पेटी (हार्मोनियम) वाजवतो, तेव्हा या बाजूने सांगतो. आमचं गाऱ्हाणं घ्या. जत्रेला देवासमोर जाणता माणूस उभा राहतो, गावाचं, चाकरमान्यांचं, गुराढोरांचं सगळं मागणं मांडतो आणि दर वाक्याला जमलेली मंडळी म्हणतात, व्हय म्हाराजा! गाऱ्हाणं घालणारा आज काय बोलेल ते आज ठरतं. यंदा कोणाचं घर पडलं, कोणाचा झील (मुलगा) दर्यावर गेला तो आला नाही, ते त्यात येतं. ते गेल्या वर्षीचं लाखेवर उतरवून वाजवलं तर यंदाच्या माणसासाठी मागितलं कोणी? आणि व्हय म्हाराजा जर यंत्रानेच म्हटलं तर गाव हजर होतं की नव्हतं? हा अडाण्यांचा प्रश्न नाही, मला स्वतःला पडतो. दशावतारातही संवाद लिहिलेले नसतात, रात्री समोर कोण बसलंय ते बघून नट बोलतो आणि पेटी त्याच्या मागे जाते. तुमचा म्हातारा गुरव नादकारूला एवढंच विचारू दे, त्याच्याकडे उत्तर नसेल.

विरोधाची दुसरी तऱ्हा सुरांची. पेटी परदेशातून आली, लोकांनी उचलली, आमच्यासारख्यांची पोटं भरली, पण तिचे सूर ठरलेले, दोन सुरांच्या मधली मींड तिच्यात येत नाही म्हणून जाणकार तुटून पडले. आकाशवाणीने १९४० मध्ये पेटीवर बंदी घातली ती १९७१ पर्यंत. तीस वर्षं! त्याआधी सांगलीकडे कृष्णाजी बल्लाळ देवल आणि क्लेमंट्स नावाचे इंग्रज न्यायाधीश यांनी बावीस श्रुती दाखवणारी पेटी करवून घेतली होती, तिच्यावरूनही संगीतवाल्यांत मोठा वाद झाला. बंदी घालणारेही गाण्याच्या प्रेमापोटीच बोलत होते आणि पेटीवालेही. मी पेटीच्या बाजूचा, तरी त्यांचं म्हणणं कानाला पटतं.

अजून एक, हवं तर घ्या. १७३९ मध्ये वसई घेतल्यावर चिमाजी अप्पांच्या फौजांनी पोर्तुगीजांच्या चर्चच्या घंटा आणल्या, त्यातल्या कितीतरी आपल्या देवळांत टांगल्या गेल्या, नाशकाच्या नारोशंकराच्या देवळात आहे, भीमाशंकरला आहे. घंटा तीच, धातू तोच, नाद तोच, आणि ऐकणारे देव आणि माणसं बदलली. तुमच्या जगात अशी जिंकून आणलेली घंटा एखाद्या खाडीची हाक असेल तर नादकारू तिचा आवाज उतरवून तिच्या मूळच्या गावाला परत देईल का? मला वाटतं तो देईल आणि त्यावरून त्याला दोन्ही गावं दगड मारतील.

सुरंगी (गुहागर)

सगळं वाचलं, फार सुंदर चाललंय, पण इतक्या माणसांत एकही बाई नाही हो. रापण ओढायला बायका, मासा विकायला बायका, आणि गोष्टीत शंख बाप फुंकतो, यंत्र मुलगा बनवतो, घेतो किल्लेदार. थेरेमिनचंच बघा, त्याचं वाद्य खरं गाजवलं ते क्लारा रॉकमोरने, ती नसती तर ते जत्रेतला चमत्कार म्हणूनच राहिलं असतं. आणि त्याची बायको लाविनिया विल्यम्स, कृष्णवर्णीय नर्तिका, तिच्याशी लग्न केल्यावर त्याला अनेक श्रीमंत घरांची दारं बंद झाली. तो १९३८ मध्ये गेला, ती अमेरिकेतच राहिली. या दोघींच्या बाजूने त्याचं आयुष्य लिहिलं तर वेगळाच माणूस दिसेल.

माझं मागणं असं की नादकारूला एक बहीण द्या, जिला ऐकू येत नाही. जिथे सगळं आवाजावर चालतं तिथे ही काय करते? ती होडीच्या तळाच्या फळीवर हात ठेवते, अनवाणी उभी राहते, तिला शंख पायातून कळतो. हे खोटं नाही, एडिसनला ऐकू कमी यायचं तर तो म्हणे लाकडाला दात लावून आवाज घ्यायचा. आता माझ्या माहितीप्रमाणे सुरुवातीच्या कर्ण्याच्या रेकॉर्डिंगमध्ये खर्ज फार कमी उतरायचा, जुन्या तबकड्या ऐकल्या की आवाज नाकातून आल्यासारखा वाटतो तो त्यामुळेच. म्हणजे यंत्रातल्या शंखात खालचा भारदस्त भाग नाही. कानाने ऐकणाऱ्यांना तो शंख हुबेहूब वाटतो आणि हिच्या पायाला काहीच लागत नाही. ती पहिल्या दिवशीच भावाला खुणेने सांगते की यात बाबा नाहीत. आणि तो ऐकत नाही, कारण सगळा गाव वाहवा करतोय. माझ्या दृष्टीने त्याचा खरा अपराध हा, किल्लेदाराच्या फार आधीचा.

लोलक (रत्नागिरी)

सुरंगीताई, खर्जाचं बरोबर आहे, विजेचे मायक्रोफोन १९२५ च्या सुमाराला आले तोवर कर्ण्यातून खालचे सूर नीट उतरत नव्हते. कर्णा जितका लहान तितका खालचा भाग जास्त जातो. म्हणजे नादकारूने बहिणीचं मनावर घेतलं असतं तर कर्णा मोठा करत करत पुरुषभर उंच केला असता, आणि मग तो होडीवर मावला नसता, चोरून भलत्या टोकावर नेताही आला नसता. लहान केला म्हणून विकला गेला.

खाडीकाठी (देवगड)

लोलक, हे शेवटचं वाक्य वाचून मी उठून फेऱ्या मारल्या. त्याने कर्णा लहान का केला याचं कारण मला मिळालं, बापाला उचलता यावा म्हणून! म्हाताऱ्याला रोज टोकावर नेता यावा म्हणून हलका केला. मग तोच हलकेपणा विकला गेला.

तर आता असं करतोय. किल्लेदाराचं प्रकरण राहील पण छोटं, एकाच पहाटेचं, आणि नादकारूला माहीत असेल. रूळ तो देतो कारण त्या वर्षी मासा आटलाय, रापणवाल्यांनी त्याच्या घरावर बहिष्कार टाकलाय आणि बहिणीला होडीवर कोणी घेत नाही, हे कारण पुरेसं आहे की नाही ते मी ठरवणार नाही, गोष्टीतल्या दोन घरांनी ठरवावं. माशांचा कर्णा मधल्या भागात येईल आणि तोच सगळ्यात मोठा भाग होईल. गुरवाचा प्रश्न घेतला. परत दिलेली घंटा मात्र सोडतोय, पेटीमास्तर राग मानू नका, तिच्यात एक आख्खी वेगळी गोष्ट आहे आणि ती इथे कोंबली तर दोन्हींचं नुकसान होईल, तुम्हीच लिहा ती. बहीण नुसती आवाज ओळखण्यापुरती ठेवली तर तिच्यावर अन्याय होईल म्हणून गोष्ट तीच सांगेल असा विचार करतोय. ऐकू न येणाऱ्या बाईने आवाजाच्या माणसाचं आयुष्य सांगायचं. जमेल की नाही माहीत नाही पण सुरुवातीची पानं आता तशी पुन्हा लिहायला बसतो.

एक राहिलं, गलबतं फुटतात ती पहाट भरतीची ठेवू की ओहोटीची?

रापणीचो दोर (मालवण)

भरतीची ठेव, पण पुरी भरती नको, पाणी चढतं असताना. ओहोटीला खडक वर दिसतात, लाट फुटल्याचा आवाज येतो, धुक्यात सुद्धा तांडेल तो ऐकून लांब राहील. पाणी अर्ध्यावर चढलं की खडक हातभर पाण्याखाली जातो, लाट वरून मुकाट निघून जाते आणि होडीचा तळ मात्र लागतो. शिवाय चढतं पाणी होडीला आत ओढतं, वल्ही उलटी मारली तरी लवकर थांबणा नाय. आणि अमावास्येच्या आसपासचा दिवस घे, उधाणाचं पाणी जोरात असतं. बहिणीला त्या होडीत बसव, तळाच्या फळीवर तिचे पाय असतील तर सगळ्यात आधी तिलाच कळेल.